निर्वासित छावणीतील घरसंसार आणि घस्सान कनफानी यांचे कथात्म साहित्य : एक चिकित्सा

प्रस्तावना

पॅलेस्टिनी साहित्याची चर्चा बहुधा तीन शब्दांभोवती फिरते : मातृभूमी, प्रतिकार आणि परतीचा हक्क. या तिन्ही संकल्पना महत्त्वाच्या आहेत, यात शंका नाही. तथापि, निर्वासित छावणीत राहणारा माणूस सकाळी उठल्यावर प्रथम या संकल्पनांना सामोरा जात नाही. पाणी कोण आणणार, गळके छप्पर कोण बुजवणार, शिधा किती दिवस पुरणार आणि घरातल्या कोणत्या माणसाला आज काम मिळणार, हे प्रश्न त्याच्या पुढ्यात आधी येतात. या प्रश्नांना साहित्यात काय स्थान मिळाले आणि समीक्षेने त्यांची दखल कशी घेतली, याचा शोध घेणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. त्यासाठी घस्सान कनफानी यांच्या दोन कृती विचारात घेतल्या आहेत. पहिली, १९६७ साली लिहिलेली आणि १९६८ च्या ‘माणसे आणि बंदुका’ या अर्थाच्या शीर्षकाच्या संग्रहात समाविष्ट झालेली, ‘मूल छावणीत जाते’ ही कथा. दुसरी, १९६९ साली प्रसिद्ध झालेली ‘उम्म साद’ ही लघुकादंबरी.

‘उम्म साद’मधील नायिकेला समीक्षेने प्रामुख्याने राष्ट्रमाता, भूमीचे रूप किंवा प्रतिकाराचे प्रतीक म्हणून पाहिले. या वाचनाला संहितेत आधार आहे. परंतु त्यामुळे या स्त्रीचे श्रम, तिची मजुरी आणि तिचा घरातला हिशेब दृष्टीआड झाला. कनफानी यांचे राजकीय विवेचन सर्वांत धारदार होते ते घोषणांच्या जागी नव्हे, तर या हिशेबाच्या जागी, असे या लेखात प्रतिपादन केले आहे.

छावणी आणि कुटुंब : ऐतिहासिक पार्श्वभूमी

१९४८ च्या युद्धात सात ते साडेसात लाख पॅलेस्टिनींना आपली गावे व शहरे सोडावी लागली. ८ डिसेंबर १९४९ रोजी संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने या निर्वासितांसाठी स्वतंत्र मदत व कार्यसंस्था स्थापन केली आणि १ मे १९५० पासून तिचे काम सुरू झाले. लेबनॉन, सीरिया, जॉर्डन, पश्चिम किनारा आणि गाझा या पाच क्षेत्रांत तिच्या मान्यतेच्या ५८ छावण्या आहेत. अरबीत छावणीला ‘मुखय्यम’ म्हणतात आणि हा शब्द ‘खैमा’ म्हणजे तंबू या शब्दावरून आला आहे. तंबू जाऊन पत्र्याची आणि पुढे काँक्रीटची घरे आली, तरी शब्द तंबूचाच राहिला. तात्पुरतेपणा कायमचा होऊन बसला, ही छावणीची मूळ विसंगती तिच्या नावातच नोंदली गेली आहे.

या व्यवस्थेत कुटुंब ही भावनिक बाब असण्याआधी प्रशासकीय बाब होती. निर्वासिताची नोंद कुटुंबनिहाय होत असे. शिधापत्रिकेवर घरातील माणसांची संख्या लिहिलेली असे आणि पीठ, तेल, साखर त्या संख्येनुसार मिळे. मूल जन्मले की नोंद वाढवून घ्यायची, पण माणूस दगावला तर ती नोंद लवकर होऊ द्यायची नाही, ही गरिबीने शिकवलेली युक्ती छावण्यांच्या इतिहासात नमूद आहे. ज्या घरात मेलेल्या माणसाच्या नावाचा शिधा जिवंतांच्या पोटात जातो, त्या घरातील शोक, नाते आणि नीती यांचा विचार सुस्थिर समाजाच्या मोजमापांनी करता येत नाही. नोंदणीचा वारसा वडिलांच्या बाजूने पुढे चालतो, ही बाबही लक्षणीय आहे. घर चालवणारी बहुधा स्त्री असली, तरी निर्वासितपण मात्र कागदावर पुरुषाकडून मिळते.

छावणीने जुने सगळे पुसून टाकले, असेही म्हणता येत नाही. लेबनॉनमधील छावण्यांत गॅलिलीतून आलेल्या शेतकरी कुटुंबांनी शक्यतो आपापल्या गावच्या माणसांजवळ आसरा घेतला आणि वस्तीच्या भागांना सुटलेल्या गावांची नावे पडली. रोझमेरी सायिघ यांनी १९७९ साली प्रसिद्ध केलेल्या, मौखिक आठवणींवर आधारलेल्या अभ्यासात शेतकऱ्याचा निर्वासित आणि निर्वासिताचा क्रांतिकारक होण्याचा प्रवास मांडला आहे. त्यात गाव आणि भावकी यांचे छावणीतील टिकून राहणे ठळकपणे दिसते. कनफानी यांच्या कथांतील घर या पार्श्वभूमीवर वाचावे लागते.

लेखक आणि त्याची जागा

कनफानी यांचा जन्म १९३६ साली अक्का येथे झाला. १९४८ मध्ये त्यांचे कुटुंब लेबनॉनमार्गे सीरियात गेले. दमास्कसमध्ये निर्वासितांच्या मुलांना शिकवण्याचे काम त्यांनी केले, नंतर काही वर्षे कुवेतमध्ये शिक्षकी केली आणि १९६० साली ते बैरुतला येऊन पत्रकारितेत स्थिरावले. १९६९ पासून ते पॉप्युलर फ्रंट या डाव्या संघटनेच्या ‘अल्-हदफ’ या साप्ताहिकाचे संपादक आणि संघटनेचे प्रवक्ते होते. ८ जुलै १९७२ रोजी बैरुत येथे त्यांच्या मोटारीत घडवलेल्या बॉम्बस्फोटात ते आणि त्यांची तरुण भाची मारली गेली.

येथे दोन गोष्टी नोंदवणे आवश्यक आहे. कनफानी यांचे वडील वकील होते. म्हणजे हे कुटुंब मुळात शहरी मध्यमवर्गातले होते आणि दारिद्र्य त्याच्या वाट्याला निर्वासनानंतर आले. ज्या लेखकाला गरिबी वारशाने मिळाली नाही, तर एका वर्षात अंगावर आली, त्याला तिचे बारकावे वेगळ्या तीव्रतेने दिसतात. दुसरे, ‘उम्म साद’ लिहीपर्यंत ते बैरुतमधील नावाजलेले संपादक झाले होते. छावणीकडे आता ते बाहेरून, आस्थेने पण अंतरावरून पाहत होते. पहिली कथा आठवणीतून आणि दुसरी कृती ऐकण्यातून लिहिलेली आहे. हा भेद पुढील विवेचनात महत्त्वाचा ठरतो.

‘मूल छावणीत जाते’ : भुकेचे कुटुंबशास्त्र

या कथेचा निवेदक आपल्या बालपणाकडे वळून पाहतो. एका घरात अनेक पिढ्यांची अठरा माणसे राहतात. निवेदक आणि नात्यातला त्याच्याच पिढीचा मुलगा इसाम यांच्याकडे एक काम आहे. रोज बाजारात जाऊन दुकानदारांनी टाकून दिलेली, गाड्यांखाली घरंगळलेली, सडकी-अर्धीसडकी भाजी टोपलीत गोळा करायची आणि ती घरी आणायची. त्यासाठी दुसऱ्या मुलांशी, दुकानदारांशी, पोलिसांशी आणि प्रसंगी एकमेकांशी झगडायचे. या काळाला निवेदक युद्धाचा काळ न म्हणता चकमकीचा काळ म्हणतो. युद्धात मधूनमधून उसंत असते, माघार घेता येते. चकमकीत शत्रू सदैव हाताच्या अंतरावर असतो आणि क्षणाचीही विश्रांती मिळत नाही. हा भेद लष्करी नसून कौटुंबिक आहे, हे कथा वाचताना ध्यानात येते. ही चकमक घराच्या उंबरठ्याबाहेर थांबत नाही.

कथेतील आजोबांना वर्तमानपत्र वाचायचे असते आणि त्यासाठी ते घरातली सुटी नाणी संधी साधून उचलतात. कोणी कोणाचे कपडे घालून जातो, कोणी अन्न लपवतो. या साऱ्या लबाड्या निवेदक विनोदाच्या सुरात, तिरस्काराचा लवलेश न ठेवता सांगतो. त्याचे म्हणणे असे, की अशा काळात सद्गुणाला जागा नसते आणि जगून राहणे हाच काय तो सद्गुण उरतो. हे विधान नीतीचा उपहास नाही. सद्गुणालाही काही किमान भांडवल लागते, हे त्यातून सुचवले आहे. ज्या घरात अठरा माणसे आणि एक टोपली भाजी आहे, तेथे औदार्य ही परवडणारी वस्तू नाही.

कथेचा कळस एका पाचाच्या नोटेशी निगडित आहे. बाजारात पोलिसाच्या बुटाखाली निवेदकाला ती नोट दिसते आणि तो ती मिळवतो. एरवी घरात येणारी प्रत्येक वस्तू सर्वांची असते, पण ही नोट तो कोणालाच देत नाही. घरातली वडीलधारी मंडळी गोडीने, युक्तिवादाने, धाकाने ती मागतात. इसाम तिच्यावर डोळा ठेवून असतो. मुलगा मात्र ती खिशात घट्ट धरून दिवसेंदिवस वावरतो. तो ती खर्चही करत नाही. अखेर एका अपघातात नोट त्याच्या खिशातून नाहीशी होते.

या नोटेचा अर्थ केवळ स्वार्थ असा लावणे अपुरे आहे. मुलाला त्या पैशातून काही विकत घ्यायचे नाही. त्याला काहीतरी आपले असण्याची शक्यता राखून ठेवायची आहे. अठरा माणसांच्या घरात ज्याला स्वतःचा कोपरा, स्वतःचे अंथरूण किंवा स्वतःचा घास नाही, त्याला खिसा हीच एकमेव खासगी जागा आहे. ती नोट म्हणजे त्या घरातून बाहेर पडण्याचे दार आहे. ते उघडायचे नसले तरी ते आहे, हे माहीत असणे त्याला पुरेसे वाटते. निर्वासन माणसाकडून जमीन हिरावून घेते, हे सर्वश्रुत आहे. ते माणसाकडून कुटुंबात एकटे असण्याचा हक्कही हिरावून घेते, हे या कथेने दाखवून दिले.

संपूर्ण कथेत मातृभूमीची आठवण, परतीचे स्वप्न किंवा शत्रूचे नाव यांना फारसा वाव नाही. तरीही ही कथा १९४८ चा परिणाम अनेक घोषणांपेक्षा अधिक नेमकेपणाने सांगते. राजकीय पराभवाचे रूपांतर घरातल्या माणसांच्या परस्परसंशयात कसे होते, याचे हे चित्रण आहे.

‘उम्म साद’ : प्रतीक आणि मोलकरीण

१९६७ च्या पराभवानंतर दोन वर्षांनी आलेल्या ‘उम्म साद’मध्ये नऊ प्रकरणे आहेत. प्रास्ताविकात कनफानी सांगतात, की उम्म साद ही खरीखुरी स्त्री असून ती त्यांच्या परिचयाची आहे. कादंबरीतील उम्म साद छावणीत राहते आणि लोकांच्या घरी कामे करून संसार चालवते. ती दर आठवड्याला निवेदकाच्या घरी येते, बसते, बोलते. तिचा थोरला मुलगा साद सशस्त्र लढ्यात सामील होतो. पहिल्या प्रकरणात तिने आणलेली द्राक्षवेलीची वाळकी काटकी ती निवेदकाच्या अंगणात खोचते. अखेरीस त्या काटकीला कोंब फुटतो.

‘उम्म साद’ म्हणजे सादची आई. स्त्रीला थोरल्या मुलाच्या नावाने ओळखण्याची ही अरबी रीत मराठी वाचकाला परकी वाटू नये. आपल्याकडेही गल्लोगल्ली ‘अमक्याची आई’ हीच बाईची ओळख असे. पण या रीतीमुळे नायिकेचे स्वतःचे नाव कृतीत झाकलेलेच राहते. तिच्या आईपणाला राष्ट्रीय अर्थ देणे लेखकालाही आणि समीक्षेलाही त्यामुळे सोपे गेले. निवेदक तिचे वर्णन करताना पुनःपुन्हा माती, झाडाचे खोड, मुळे यांच्या प्रतिमा वापरतो. तिचे राबलेले हात त्याला शेतजमिनीसारखे दिसतात. या प्रतिमा प्रभावी आहेत, परंतु त्या एक गोष्ट झाकून टाकतात. ते हात जमीन कसून खरबरीत झालेले नाहीत. शेतकरी घराण्यातल्या या बाईला कसायला जमीन राहिलेली नाही. ते हात शहरातल्या लोकांच्या फरश्या आणि जिने धुऊन तसे झाले आहेत. प्रतिमा भूतकाळाची आहे आणि श्रम वर्तमानाचे आहेत. या दोहोंतील फट प्रतीकवादी वाचनाने बुजवून टाकली.

कादंबरीतील काही प्रसंग मात्र ही फट उघडी ठेवतात. सादच्या जाण्याने तिच्या मनात दोन परस्परविरोधी इच्छा निर्माण होतात. त्याच्या वरिष्ठाने त्याची काळजी घ्यावी, असे आईला वाटते आणि त्याला लढाईवर जायचे असेल तर जाऊ द्यावे, असेही वाटते. लहान मुले पाठीशी नसती तर आपणही तेथे गेलो असतो, त्या सर्वांना रांधून वाढले असते, असे ती म्हणते. छावणीतील तंबू आणि लढवय्यांचा तंबू एकसारखा नाही, हा तिचा सुप्रसिद्ध विचार याच संदर्भात येतो. समीक्षेने त्यातला तंबूंचा भेद उचलला आणि रांधण्याची गोष्ट मागे टाकली. वास्तविक दोन्ही एकाच विचाराचे भाग आहेत. लढ्याची कल्पनाही ती चुलीला वगळून करू शकत नाही. पुढे वेढ्यात अडकलेल्या उपाशी साद व त्याच्या साथीदारांना एक म्हातारी शेतकरीण जेवू घालते आणि साद तिला आई म्हणून हाक मारतो. आईपण येथे रक्ताने ठरत नाही, ते भाकरीने ठरते.

पावसाच्या प्रकरणात छावणी चिखलात बुडते. माणसे रात्रभर फावडी घेऊन पाणी वळवतात आणि उम्म साद चिखलाने माखलेल्या हातांनी निवेदकाकडे येते. त्या काळी लेबनॉनमधील छावण्यांवर लष्करी गुप्तचर विभागाची करडी नजर होती आणि पक्के छप्पर घालण्यास मनाई होती. १९६९ च्या कैरो करारानंतर हे नियंत्रण सैल झाले. म्हणजे गळके छप्पर हा निसर्गाचा कोप नव्हता, तो शासननिर्णय होता. कनफानी हे विवरण करीत बसत नाहीत. चिखल उपसणाऱ्या बाईच्या थकव्यातून वाचकाला ते उमगते.

दोन लिरांचे प्रकरण

या कादंबरीचा नैतिक गाभा द्राक्षवेलीच्या कोंबात नसून जिने धुण्याच्या प्रकरणात आहे, असे सूक्ष्म वाचनातून दिसून येते. उम्म सादला शहरातील एका इमारतीचे जिने धुण्याचे काम मिळते. एके दिवशी एक बाई तिच्यासमोर येते. ती लेबनॉनच्या दक्षिण भागातली आहे. तीही गरीब आहे, तिलाही लेकरे आहेत आणि आधी हे काम तीच करीत होती. उम्म साद कमी पैशांत राबायला तयार होईल, हे हेरून रखवालदाराने तिला काढून टाकले होते. फरक फक्त दोन लिरांचा. हे कळल्यावर उम्म साद ते काम सोडते.

वरवर साध्या दिसणाऱ्या या प्रसंगात तीन स्तर आहेत. निर्वासित माणूस स्थानिक श्रमिकाची मजुरी खाली ओढण्याचे साधन कसा बनवला जातो, हा पहिला आर्थिक स्तर होय. लेबनॉनमध्ये पॅलेस्टिनी निर्वासितांना परकीय मानून कामाच्या परवान्याची अट घातलेली होती. त्यामुळे त्यांच्या वाट्याला बहुधा असुरक्षित आणि कमी मोलाची कामे येत. दुसरा स्तर सामाजिक आहे. छावणीतील गरीब आणि छावणीबाहेरील गरीब यांना एकमेकांचे शत्रू करणारी यंत्रणा दूर कोठे राजधानीत नसते, ती जिन्याच्या पायथ्याशी उभी असते. तिसरा स्तर कौटुंबिक आहे. उम्म सादने सोडलेली मजुरी ही तिच्या मुलांच्या तोंडचा घास आहे. दुसऱ्या बाईच्या मुलांसाठी ती स्वतःच्या मुलांचे नुकसान पत्करते.

या ठिकाणी दोन्ही कृतींचा परस्परसंबंध स्पष्ट होतो. १९६७ च्या कथेत सद्गुण परवडत नाही. १९६९ च्या कादंबरीत उम्म साद तो परवडत नसतानाही निवडते. या दोन टोकांमध्ये कनफानी यांची वैचारिक वाटचाल आहे. लढ्याने माणसाची नीती त्याला परत मिळवून दिली, असे त्यांना म्हणायचे आहे. अबू साद या तिच्या नवऱ्याचे चित्रण याच सूत्राला धरून आहे. बेकारी आणि शिध्याच्या रांगा यांनी चिडखोर व कठोर झालेला हा माणूस, छावणीत बंदुका आल्यावर आणि धाकटा मुलगा सईद प्रशिक्षण घेऊ लागल्यावर बायकोशी मायेने वागू लागतो. दारिद्र्यानेच त्याला तसे केले होते, असा खुलासा ती स्वतः करते.

मर्यादा

येथे एक आक्षेप नोंदवणे भाग आहे. घरातील पुरुषाच्या वागणुकीतील बदलाचे सारे श्रेय बंदुकीला देणे हे साहित्यिकदृष्ट्या सोपे आणि सामाजिकदृष्ट्या अपुरे उत्तर आहे. अबू सादचा स्वभाव निवळला, पण घरकामाची वाटणी बदलली का, हा प्रश्न कादंबरी विचारत नाही. जिने धुण्याचे काम सोडल्यावर त्या आठवड्यात घरी काय शिजले, हेही ती सांगत नाही. पहिल्या कथेतील लेखकाने हा हिशेब नक्की मांडला असता. गळ्यातल्या जुन्या ताईताच्या जागी उम्म साद बंदुकीची गोळी अडकवते, तो प्रसंग प्रतीक म्हणून ठसठशीत आहे. तथापि ताईत बांधण्यामागची भीती, लेकरू गमावण्याची धास्ती, गोळीने नाहीशी होते काय, याचा शोध तेथे घेतलेला नाही.

या मर्यादेचे कारण निवेदनपद्धतीत आहे. निवेदक बहुतांशी स्वतःच्या घरी बसून ऐकतो आणि छावणी त्याच्यापर्यंत या बाईच्या बोलण्यातून येते. तो श्रोता आहे, सहभागी नाही. ऐकणाऱ्याला धैर्य ऐकू येते, पण रात्री मोजलेली नाणी ऐकू येत नाहीत. मात्र कनफानी यांच्या प्रामाणिकपणाची नोंद घेतली पाहिजे. त्यांनी हे अंतर लपवलेले नाही. सुशिक्षित निवेदक या कृतीत वारंवार शिष्याच्या भूमिकेत दिसतो. कादंबरी तिलाच अर्पण करताना लेखकाने तिला पाठशाळा मानले आहे.

समारोप

उपरोक्त विवेचनावरून असे म्हणता येते, की कनफानी यांच्या साहित्यातील छावणी ही केवळ राष्ट्रीय वेदनेची रंगभूमी नाही. ती अठरा माणसांची खोली, सडक्या भाजीची टोपली, खिशात आवळून धरलेली नोट, चिखल भरलेले घर आणि दोन लिरांचा फरक यांनी बनलेली आहे. या तपशिलांना प्रतीकाच्या सेवेत जुंपले, की राजकारण मोठे आणि माणसे लहान होतात. तपशील तपशील म्हणून वाचले, तर राजकारण कोठून सुरू होते ते कळते.

या वाचनपद्धतीची निकड आजही आहे. कनफानी यांनी लिहिले तेव्हा छावण्या वीस वर्षांच्या होत्या. आता त्यांना पाऊणशे वर्षे उलटून गेली आहेत आणि नोंदणीकृत निर्वासितांची संख्या सुमारे ५९ लाखांवर पोहोचली आहे. २०२३ च्या ऑक्टोबरमध्ये सुरू झालेल्या युद्धात गाझामधील छावण्यांचा प्रचंड विध्वंस झाला. २०२५ च्या प्रारंभी पश्चिम किनाऱ्यावरील जेनिन, तुलकरम आणि नूर शम्स या छावण्यांतून हजारो कुटुंबांना बाहेर काढण्यात आले. जो ‘तात्पुरता’ आसरा होता, तोच उद्ध्वस्त झाल्यावर माणसे ‘घर गेले’ म्हणून रडली. छावणी हे घर नव्हे, या राजकीय भूमिकेशी ती माणसे आजही ठाम आहेत. तरीही त्यांचे घर गेले, हेही तितकेच खरे आहे. एका घरातून निघालेल्या माणसाने दुसरे घर मानायचे नाही, पण झाडायचे, सारवायचे आणि गळू द्यायचे नाही, हा पेच तीन-चार पिढ्यांनी रोजच्या रोज सोडवला आहे. त्या सोडवणुकीची नोंद ठेवणे, हे साहित्याचे कार्य कनफानी यांनी काही अंशी पार पाडले. ती नोंद प्रतीकांच्या खालून बाहेर काढून वाचणे, हे कार्य समीक्षेकडे शिल्लक आहे.